गाण्याखाली गायकाचे नाव लिहा : लाभ जंजुआ यांच्या निमित्ताने एक खुले पत्र

प्रति,
गाणी ऐकवणारी ॲप, संगीत कंपन्या आणि एफएम केंद्रे यांचे कार्यक्रम-प्रमुख यांस,

स. न. वि. वि.

मी पुण्यातील एका ऑर्केस्ट्रात गेली एकोणीस वर्षे निवेदन करते. लग्नाआधीचे संगीत, गणेशोत्सव, सोसायटीचा वर्धापनदिन, कार्यक्रम कोणताही असो, प्रत्येक गाण्याआधी गीत कोणाचे, संगीत कोणाचे आणि मूळ स्वर कोणाचा ही तीन नावे घेतल्याशिवाय मी माइक खाली ठेवत नाही. ही सवय मला कोणी शिकवली नाही. सकाळी आकाशवाणी लागलेल्या घरात लहानाची मोठी झालेल्या कोणालाही ती आपोआप लागते. हे पत्र त्या तीन नावांपैकी तिसऱ्या नावाविषयी आहे. ते नाव तुमच्या पडद्यावरून आणि तुमच्या निवेदनातून हळूहळू नाहीसे होत चालले आहे आणि त्याने माझ्या मनाला लागलेली बोच मला तुमच्यापर्यंत पोहोचवायची आहे.

२०१७ च्या फेब्रुवारीत आकुर्डीतील एका मंगल कार्यालयात एका पंजाबी कुटुंबाकडे आमचा कार्यक्रम होता. यजमानांनी आधीच कळवले होते की सुरुवात ‘मुंडियां तो बच के’ या गाण्याने व्हावी. संध्याकाळी पाच वाजता, ध्वनियंत्रणा जोडली जात असताना, मी नेहमीप्रमाणे पोस्टकार्डाएवढ्या पुठ्ठ्यांवर नावे लिहीत बसले होते. फोनवरच्या ॲपमध्ये त्या गाण्याखाली एकच नाव दिसले, पंजाबी एमसी. मी कार्डावर ‘स्वर’ असे लिहून त्यापुढे तेच नाव लिहिले आणि रात्री मंचावरून तसेच ठणठणीत आवाजात वाचले. कार्यक्रम संपल्यावर जेवणाच्या रांगेजवळ एक वयस्कर शीख गृहस्थ हातातले ताट बाजूला ठेवून माझ्याकडे आले. त्यांनी अतिशय सौम्यपणे, मला वाईट वाटू नये अशा बेताने सांगितले की मी ज्यांचे नाव घेतले त्यांनी ते गाणे बांधले, पण ते गायले खन्नाच्या लाभ जंजुआ यांनी. आणि लाभ जंजुआ मुंबईत गोरेगावला राहत होते आणि सव्वा वर्षापूर्वी तिथेच, राहत्या घरी गेले. मी क्षमा मागितली. त्यावर त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली, जी मला आजवर विसरता आलेली नाही. त्याच रात्री आम्ही नवरीच्या मैत्रिणींच्या नाचासाठी ‘लंडन ठुमकदा’ वाजवले होते आणि शेवटी सगळे पाहुणे उठले तेव्हा ‘सोणी दे नखरे’. त्या दोन्ही गाण्यांतला पुरुषी पंजाबी आवाजही लाभ जंजुआ यांचाच होता. एकाच संध्याकाळी तीनदा तो आवाज माझ्या बाजूने गेला आणि एकोणीस काय, एकशे नव्वद कार्डे लिहिली असती तरी तो एकाच माणसाचा आहे हे मला कळले नसते, कारण तीनपैकी एकाही ठिकाणी ते नाव माझ्या नजरेसमोर आले नव्हते.

चूक माझीच होती, तपासून घ्यायला हवे होते, हे मी मान्य करते. परंतु त्यानंतर मी सहकाऱ्यांना, ढोलवाल्यांना, डीजेंना, मिरवणुकीत ही गाणी वाजवणाऱ्या बँडवाल्यांना सहज विचारत गेले आणि दहापैकी एखाद्यालाच ते नाव ठाऊक असल्याचे आढळले. ज्या आवाजावर महाराष्ट्रातल्या हळदी आणि वराती इतकी वर्षे नाचल्या, त्याचे नाव त्या हळदी-वराती वाजवणाऱ्यांनाच माहीत नसावे, हे कोणा एका निवेदिकेच्या आळसाने घडत नाही.

लाभ जंजुआ लुधियाना जिल्ह्यातल्या खन्ना या गावचे. ग्रँड ट्रंक रस्त्यावरचे हे गाव धान्याच्या बाजारासाठी प्रसिद्ध आहे आणि तिथली मंडी आशियातील मोठ्या धान्य बाजारांत गणली जाते. भांगडा हा मुळात पीक हाती आल्यावरचा, बैसाखीचा नाच. तेव्हा गव्हाच्या राशींच्या गावातून तो गायक यावा यात नवल नाही. त्यांनी जसवंत भंवरा यांच्याकडे गाण्याची तालीम घेतली आणि ते गीतेही लिहीत. म्हणजे ठेक्यावर आवाज चढवून देणारा कोणी हौशी गडी नव्हे, तर रीतसर शिकलेला लोकगायक, हे आधी लक्षात घेतले पाहिजे.

पंजाबी लोकगायनाची घडणच मोकळ्या मैदानातली आहे. गायकाच्या मैफिलीला तिथे ‘अखाडा’ म्हणतात, आणि अखाड्यात ढोलाच्या जाड काठीची, म्हणजे ‘डग्ग्या’ची, घुमणारी थाप आणि बारीक काडीची, म्हणजे ‘तिल्ली’ची, चटचट यांच्या वरून शब्द शेवटच्या माणसापर्यंत पोहोचवायचा असतो. म्हणून आवाज वरच्या पट्टीत, ताणलेला, पण न फाटणारा असावा लागतो. ठेका सुरू होण्याआधी गायक एकच स्वर उंच धरून लांबवर फेकतो, त्याला ‘हेक’ म्हणतात. आपल्या शाहिराने डफावर हात ठेवण्याआधी घेतलेली ललकारी ज्यांनी ऐकली आहे त्यांना हेक समजावून सांगावी लागणार नाही. आणि तुंबी तर तुणतुण्याची मावसबहीणच: एकच तार, तर्जनीने पुढे-मागे छेडायची, सुरांची व्याप्ती थोडी, पण कितीही कल्लोळात कानाला बरोबर सापडणारी. लालचंद यमला जट्ट यांनी ती घरोघर पोहोचवली.

‘मुंडियां तो बच के’ या गाण्यात नेमके हेच साहित्य आहे. इंग्लंडमधील कोव्हेंट्रीचे राजिंदर सिंग राय, म्हणजेच पंजाबी एमसी, यांनी तुंबीचा एक छोटासा तुकडा पुन्हा पुन्हा फिरवत ठेवला, त्याखाली ‘नाइट रायडर’ या १९८० च्या दशकातील अमेरिकन दूरचित्रवाणी मालिकेच्या शीर्षकसंगीतातील खर्जाची चाल घातली, आणि या दोहोंच्या मध्ये लाभ जंजुआ यांचा आवाज बसवला. वयात आलेल्या मुलीला दिलेला, पोरांपासून जपून राहण्याचा तो सल्ला. शब्द गावातल्या बैठकीचे, चाल गावची आणि तळाशी यंत्राचा खर्ज. हे फ्यूजन टिकले याचे कारण मला असे दिसते की वरचा आवाज खालच्या यंत्राला बिचकला नाही. तो अखाड्यातल्यासारखाच गायला आहे. इंग्रजी ठेक्याशी जुळवून घेण्यासाठी त्याने आपले हेल सोडले नाहीत, शब्द गुळगुळीत केले नाहीत, ‘ण’ आणि ‘ळ’ मऊ केले नाहीत. आमच्या ऑर्केस्ट्रातील चांगले गायकही हे गाणे म्हणताना पहिल्या कडव्यानंतर पट्टी उतरवून मागतात, हे मी पडद्यामागून अनेकदा पाहिले आहे.

हे गाणे १९९८ च्या एका अल्बममध्ये आले आणि चार वर्षांनी, २००२ मध्ये, जर्मनीत स्वतंत्रपणे प्रसिद्ध झाले. तिथल्या यादीत ते दुसऱ्या क्रमांकापर्यंत चढले, इटलीत पहिल्या क्रमांकावर गेले आणि जानेवारी २००३ मध्ये ब्रिटनच्या यादीत पाचवे झाले. त्याच वर्षी अमेरिकेतील रॅप गायक जे-झी यांनी त्यावर आपले शब्द घातले आणि ते रूप अमेरिकेच्या पहिल्या शंभर गाण्यांत तेहेतिसाव्या स्थानी पोहोचले. पंजाबी भाषेतले एक अक्षरही न समजणाऱ्या लाखो लोकांनी ते ऐकले, आणि त्यांच्यापर्यंत ज्या दोन नावांची ख्याती पोहोचली त्यांत प्रत्यक्ष गाणाऱ्याचे नाव नव्हते.

हे असे का झाले, याचे कारण कोणाच्या दुष्टपणात शोधू नये. ते गाणी बनवण्याच्या पद्धतीत आहे. ब्रिटनमध्ये पंजाबी गाण्याचे नवे रूप आधी मंचावर घडले. १९७७ मध्ये लंडनच्या साउथॉल भागात चन्नी सिंग यांनी ‘आलाप’ हा समूह उभा केला. पुढे बर्मिंगहॅममध्ये मलकीत सिंग आपल्या ‘गोल्डन स्टार’ या वाद्यवृंदासह गाजले आणि २००८ मध्ये त्यांना ब्रिटिश राजघराण्याकडून एमबीई हा सन्मान मिळाला. त्या काळात गायक लोकांसमोर उभा असे, कॅसेटवर त्याचा चेहरा असे. त्या कॅसेट पंजाबी किराणा दुकानांतून खपत आणि तो खप ब्रिटनच्या अधिकृत यादीत मोजला जात नसे, तरी लग्नाच्या हॉलमध्ये कोण गात आहे हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असे. १९९० च्या दशकात पारडे फिरले. संगणक आणि सॅम्पलर, म्हणजे ध्वनीचे तुकडे साठवून हवे तसे पुन्हा वाजवणारे यंत्र, हाताशी आल्यावर गाणे बांधणारा हाच कलाकार ठरला. अल्बम त्याच्या नावाने निघू लागला आणि आवाज हा त्याने निवडलेल्या साहित्यातील एक घटक झाला, जशी तुंबी, जसा ढोल. बांधणाऱ्याची कल्पकता खरी आहे, आणि राय यांच्या कामाविषयी मला मनापासून आदर आहे; तो खर्ज त्या तुंबीखाली ठेवण्याचे त्यांना सुचले नसते तर जर्मनीत ते गाणे कोणी ऐकले नसते. परंतु आवाजाला वाद्याच्या रांगेत बसवण्याचा तो क्षण आणि आज तुमच्या ॲपमध्ये ‘कलाकार’ या एकाच रकान्यात एकच नाव मावणे, या दोन्ही गोष्टी एकाच धाग्याच्या आहेत. रकाना पद्धतीने बनवला आणि माणूस त्यातून गळला.

त्यानंतर लाभ जंजुआ यांनी हिंदी चित्रपटांसाठी जे गायले त्याची यादी पाहिली तरी एका दशकाचा नाचच डोळ्यांसमोर येतो. २००७ मध्ये ‘पार्टनर’मधील ‘सोणी दे नखरे’. २००८ मध्ये ‘सिंग इज किंग’मधील ‘जी करदा’ आणि ‘रब ने बना दी जोडी’मधील ‘डान्स पे चान्स’, ज्यात त्यांच्यासोबत सुनिधी चौहान आहेत. २०१० मध्ये ‘बँड बाजा बारात’मधील ‘बारी बरसी’. हे शेवटचे गाणे मला विशेष वाटते, कारण ‘बारी बरसी’ ही पंजाबी बोलीची जुनी, ठरलेली सुरुवात आहे. बोली म्हणजे दोन ओळींची लोकरचना. एकाने पहिली ओळ टाकायची आणि बाकीच्यांनी दुसरी उचलायची, आपल्याकडे नाव घेताना पहिल्या ओळीवरच ऐकणाऱ्यांचे कान टवकारतात तसे. आणि २०१४ मध्ये ‘क्वीन’मधील ‘लंडन ठुमकदा’, अमित त्रिवेदी यांच्या संगीतात, सोनू कक्कड आणि नेहा कक्कड यांच्यासह. विदर्भातल्या खेड्यापासून न्यू जर्सीतल्या मराठी मंडळाच्या हॉलपर्यंत हे गाणे हळदीला वाजते. ते वाजले की लोक त्यातील नायिकेचे नाव घेतात. ते स्वाभाविक आहे. तिचा चेहरा समोर असतो. आवाजाला चेहरा नसतो, म्हणूनच त्याला नाव देण्याची जबाबदारी तुमच्यावर येते.

२२ ऑक्टोबर २०१५ रोजी ते गेले. मृत्यूच्या बातम्यांमध्ये त्यांची ओळख गाण्यांची नावे सांगून करून द्यावी लागली, आणि मग ‘अरे, हे त्यांनी गायले होते?’ असे उद्गार निघाले. माणूस गेल्यावर त्याच्या कामाची ओळख पटावी, याहून कलावंताची उपेक्षा ती कोणती?

तुमच्यापैकी काही जण म्हणतील की ऐकणाऱ्याला नावाशी काय करायचे आहे, त्याला गाणे हवे असते. या म्हणण्याला आपल्याच देशात, आपल्याच मुंबईत एकदा उत्तर मिळालेले आहे. १९४९ मध्ये ‘महल’ चित्रपटातील ‘आयेगा आनेवाला’ या गाण्याची ध्वनिमुद्रिका निघाली तेव्हा तिच्यावर गायिकेच्या जागी ‘कामिनी’ असे छापले होते. ते मधुबालेने रंगवलेल्या पात्राचे नाव. गाणे रेडिओवरून वाजले आणि ही गायिका कोण अशी विचारणा करणारी पत्रे श्रोत्यांनी पाठवली. तेव्हा रेडिओने ध्वनिमुद्रिकेच्या कंपनीकडून नाव मागवून लता मंगेशकर हे नाव हवेत उच्चारले. पोस्टकार्ड विकत घेऊन, शाई-दौत काढून लोकांनी हे विचारले. त्या पत्रांनंतर ध्वनिमुद्रिकांवर आणि निवेदनात पार्श्वगायकाचे नाव घेण्याची रीत पक्की होत गेली, आणि त्याच रीतीवर माझ्यासारख्यांचे पोट चालते. सत्तर वर्षांहून अधिक काळानंतर, हातात पोस्टकार्डाऐवजी टाइप करण्याची सोय असताना, आपण त्या मुद्रिकेवरच्या ‘कामिनी’पाशी परत जाऊन उभे राहावे, हे मला पटत नाही.

कायदाही गायकाच्या बाजूने आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली जी दुरुस्ती झाली तिने कलम ३८ बी जोडले. सादर करणाऱ्या कलावंताला, त्याने आपले हक्क पूर्णपणे किंवा काही अंशी दुसऱ्याला दिलेले असले तरीही, आपल्या सादरीकरणाचा कर्ता म्हणून ओळखले जाण्याचा अधिकार आहे, असे ते कलम सांगते. वापराच्या स्वरूपामुळेच नाव देणे शक्य नसेल तेवढाच अपवाद. हा अपवाद मला समजतो. दहा सेकंदांच्या जाहिरातीत नाव घेता येत नाही. क्रिकेटच्या मैदानावर दोन चेंडूंच्या मध्ये ढोल वाजतो तेव्हाही नाही. परंतु फोनच्या पडद्यावर गाण्याखाली जागा आहे, आणि एफएमवर गाणे संपून जाहिरात सुरू होण्याआधी निवेदक दोन वाक्ये बोलतोच. तिथे अपवाद कसला?

म्हणून माझी मागणी साधी आहे. गाण्याच्या नावाखाली जी पहिली ओळ दिसते तीत, संगीत बांधणाऱ्याच्या बरोबरीने, गायकाचे नाव असावे. तीन वेळा बोट फिरवून उघडणाऱ्या श्रेयनामावलीत पुरून ठेवलेले नसावे. कोणी गायकाच्या नावाने शोध घेतला तर त्याने गायलेली सगळी गाणी, मग ती कोणाच्याही अल्बमची किंवा चित्रपटाची असोत, एकत्र दिसावीत. लाभ जंजुआ हे नाव टाकणाऱ्याला कोव्हेंट्रीचे गाणे आणि गोरेगावच्या काळातली गाणी एकाच पानावर भेटली पाहिजेत, तरच त्याला कळेल की ती कारकीर्द एकाच माणसाची होती. संगीत कंपन्यांनी जुन्या गाण्यांची माहिती तुमच्याकडे पाठवताना मूळ मुद्रणाचे कागद काढून पाहावेत, कारण ॲपवाले मला सांगतात की आम्हाला जे मिळते तेच आम्ही दाखवतो, आणि तेही खरे असेल. नवे मिश्रण किंवा रिमिक्स निघते तेव्हा मूळ गायकाचे नाव शीर्षकातच ठेवण्याची अट करारात घालावी. आणि एफएमवरच्या माझ्या व्यवसायबंधूंना माझी कळकळीची विनंती आहे की तुमच्या हाती जो कागद येतो त्यात ‘स्वर’ हा रकाना कोरा असेल तर तो भरून मागा. मी तो कोरा नसताना चुकीचा वाचला, म्हणून हे सांगण्याचा मला अधिकार आहे असे मी मानते.

यात आपला, मराठी माणसांचाही जीव गुंतलेला आहे, हे मी मुद्दाम लिहिते. कोळीगीत, भीमगीत, गोंधळ, जागरणातली पदे यांवर आज डीजेचे ठेके चढतात आणि मिरवणुकीत ती गाणी ज्याने ठेका चढवला त्याच्या नावाने ओळखली जातात. ठेका चढवणारी आमची मुले कष्टाळू आहेत, त्यांचा मला राग नाही. त्यांना मी हेच सांगते की फाइलच्या नावात मूळ शाहिराचे, मूळ गायिकेचे नाव आधी लिही, मग तुझे लिही. काही जण तसे करू लागले आहेत. पण फाइल तुमच्याकडे चढवताना विचारलेला रकाना एकच असतो आणि त्यात मुलगा स्वतःचे नाव घालतो. पंजाबी भांगड्यात जे १९९० च्या दशकात घडले ते आपल्या लोकसंगीतात आता घडते आहे. अजून बरेचसे मूळ गायक हयात आहेत, त्यांच्या हयातीत हा रकाना दुरुस्त करता येईल.

येत्या २२ ऑक्टोबरला आपल्या केंद्रावरून किंवा आपल्या मुख्य पानावर लाभ जंजुआ यांची चार गाणी त्यांच्या नावासह ऐकवावीत, अशीही विनंती करते. चारच गाणी पुरतील. ऐकणारा उरलेली स्वतः शोधील, शोधल्यावर सापडतील अशी व्यवस्था मात्र तुम्ही केलेली असावी. चुकीचे किंवा अपुरे श्रेय दिसल्यास ते कोणाला आणि कसे कळवायचे, याचा पत्ता प्रत्येक ॲपने गाण्याच्या पानावरच द्यावा. माझ्याजवळ हस्तलिखित कार्डांचे दोन खोके आहेत, त्यांत तपासून घेतलेली कित्येक नावे आहेत. पत्ता मिळाल्यास ती सगळी मी पाठवीन. उत्तराची वाट पाहते.

आपली,
पुण्यातील एका ऑर्केस्ट्राची निवेदिका